चार इंची पाइपातले चौदा टक्के

वॉशर टॉस या अंगणखेळात वॉशर ज्या पाइपात टाकायचा, त्याचे तोंड ४ इंच व्यासाचे असते. क्षेत्रफळ १२.५७ चौरस इंच. वॉशरचा व्यास २.५ इंच. तो आडवा आणि कडेला न लागता आत जायचा, तर त्याचा मध्य पाइपाच्या मध्यापासून ०.७५ इंचाच्या आत असावा लागतो. त्या लहान वर्तुळाचे क्षेत्रफळ १.७७ चौरस इंच भरते, म्हणजे पाइपाच्या तोंडाच्या १४ टक्के. उरलेले ८६ टक्के तोंड डोळ्यांना दिसते, पण तिथे मध्य आला की वॉशर कडेवर आपटतो आणि पुढचे त्याच्या कलण्यावर ठरते.

घरी संच बांधणाऱ्याचा वेळ सहसा रंगात, कडीकोयंड्यात आणि पेटीच्या कोपऱ्यांत जातो. खेळ सोपा होईल की अवघड, हे मात्र दोनच मापांच्या वजाबाकीतून ठरते: पाइपाचा आतला व्यास वजा वॉशरचा बाहेरचा व्यास. ही वजाबाकी १.५ इंच आली तर १४ टक्के मिळतात. वॉशर पाव इंचाने मोठा निघाला, तर वजाबाकी १.२५ इंच उरते आणि टक्के १० वर येतात.

खेळ अमेरिका आणि कॅनडातला. टेक्सासात त्याला वॉशर पिचिंग, मिझुरीत नुसते वॉशर्स आणि कॅनडाच्या अटलांटिक किनाऱ्याकडच्या प्रांतांत वॉशर टॉस म्हणतात. एका प्रकारात तीन भोकांची फळी असते आणि भोकांना १, ३ व ५ गुण असतात. दुसऱ्या प्रकारात दोन चौकोनी पेट्या आणि प्रत्येकीच्या मध्यभागी उभा पाइप असतो. हा लेख दुसऱ्या प्रकाराचा आहे. दोन्ही बाजूंना प्रत्येकी ४, असे एकूण ८ वॉशर लागतात. पेट्यांमधले अंतर घरगुती खेळात २० फुटांच्या आसपास ठेवतात. वॉशर पेटीत पडला तर १ गुण, पाइपात पडला तर ३, काही ठिकाणी ५. दोन्ही बाजूंचे सारखे गुण एकमेकांना छेदतात, उरतील ते खात्यावर जातात आणि २१ झाले की डाव संपतो.

१४४ चौरस इंचांची वाटणी

पेटी बाहेरून १६ इंच चौरस धरू. भिंती पाऊण इंच जाडीच्या असतील, तर आतली बाजू १४.५ इंच आणि तळ २१०.२५ चौरस इंच. पाइपाचे तोंड या तळाच्या ६ टक्के आहे. कॉर्नहोल या कापडी पिशव्यांच्या खेळात फळी २४ बाय ४८ इंचांची आणि भोक ६ इंचांचे असते. तिथे हेच प्रमाण २.५ टक्के येते. या एका मापाने पाहिले तर वॉशर टॉस कॉर्नहोलच्या दुप्पटीहून सोपा ठरतो. तो निष्कर्ष चुकीचा आहे. ६ इंचांची पिशवी मऊ असते, भोकाच्या काठावर दुमडते आणि उतरत्या फळीवरून घसरत आत जाते. वॉशर दुमडत नाही आणि पेटीचा तळ सपाट असतो.

म्हणून भोकाऐवजी वॉशरच्या मध्याची जागा मोजावी. भिंतीला न लागता वॉशर पेटीत पडायचा तर त्याचा मध्य १२ बाय १२ इंचांच्या चौकोनात हवा. म्हणजे १४४ चौरस इंच. पाइपाची बाहेरची त्रिज्या २.२५ इंच आणि वॉशरची १.२५ इंच. दोन्ही मिळून ३.५ इंचांच्या वर्तुळात मध्य आला की वॉशर पाइपाला कुठे तरी लागणारच. त्या वर्तुळाचे क्षेत्रफळ ३८.५ चौरस इंच. यावरून वाटणी अशी होते: सरळ पाइपात १.७७ चौरस इंच, म्हणजे १.२ टक्के, पाइपाच्या कडेला लागणारे ३६.७ चौरस इंच, म्हणजे २५.५ टक्के, पाइपाला न शिवता पेटीत १०५.५ चौरस इंच, म्हणजे ७३.३ टक्के.

मधले २५.५ टक्के या खेळाची अनिश्चितता आहेत. वॉशरचा मध्य पाइपाच्या काठाच्या आत असेल तर गुरुत्वमध्यही आत असतो आणि वॉशर आत कलण्याची शक्यता वाढते. बाहेर असेल तर तो पेटीत घरंगळतो. हाच हिशेब कॅरमला लावून पाहता येतो. कॅरमच्या भोकाचा व्यास ४.४५ सेंटिमीटर, सोंगटीचा जास्तीत जास्त ३.१८. न शिवता जाण्याची जागा भोकाच्या ८ टक्केच येते, तरीही सोंगट्या जातात, कारण अर्ध्याहून जास्त सोंगटी काठाबाहेर आली की ती पडते. त्यामुळे १४ टक्के ही वॉशर टॉसची खालची मर्यादा समजावी. वरची मर्यादा पाइपाचे पूर्ण तोंड. नेमाची खरी जागा १.७७ आणि १२.५७ चौरस इंचांच्या मध्ये कुठे तरी आहे.

हातासाठी या जागेचा अर्थ अंशांत काढता येतो. २० फुटांवर, म्हणजे २४० इंचांवर, ०.७५ इंचाची सूट ही दिशेत ०.१८ अंशाची सूट आहे. पेटीसाठी ती १.४३ अंश आहे, आठपट. वेगात फरक तितकाच येतो. ४५ अंशांच्या फेकीत अंतर वेगाच्या वर्गाप्रमाणे बदलते, त्यामुळे पाइपासाठी वेगातली चूक ०.१६ टक्क्यांच्या आत हवी, पेटीसाठी १.२५ टक्के चालते.

नावात एक, मापात दुसरे

संचाला चार वस्तू लागतात: फळी, प्लायवूड, पाइप आणि वॉशर. अमेरिकेतल्या दुकानात या चारही वस्तूंवर जो आकडा लिहिलेला असतो तो त्यांच्या प्रत्यक्ष मापाशी जुळत नाही.

फळी '१ बाय ४' म्हणून मिळते. रंधलेली, वाळलेली फळी मोजली तर पाऊण इंच बाय साडेतीन इंच भरते. नावाने काप ४ चौरस इंचांचा, प्रत्यक्षात २.६३ चौरस इंचांचा, ३४ टक्क्यांनी कमी. हे तिथल्या लाकूड मानकाला धरूनच आहे. '४ बाय ४' या नावाचे लाकूड साडेतीन इंचच निघते, अशी तक्रार घेऊन ग्राहक इलिनॉयच्या संघीय न्यायालयात गेले होते. २०१७ मध्ये तो दावा फेटाळला गेला. प्लायवूड 'अर्धा इंच' म्हणून विकले जाते, जाडी १५/३२ इंच असते, ६ टक्के कमी.

पाइपाचे नाव '४ इंच'. जाड भिंतीच्या शेड्यूल ४० पाइपाचा बाहेरचा व्यास ४.५ इंच आणि आतला सुमारे ४.०३. सांडपाण्यासाठी येणारा पातळ पाइपही '४ इंच'च म्हणवतो. त्याचा बाहेरचा व्यास ४.२१५ आणि भिंत ०.१२ इंचाची असेल तर आतला ३.९७५. दोन्हींत २.५ इंचांचा वॉशर टाकायचा तर न शिवता जाण्याची जागा पहिल्यात १.८३ चौरस इंच, दुसऱ्यात १.७१. एकाच नावाच्या दोन पाइपांत खेळ ७ टक्क्यांनी बदलतो. संचाचे दोन्ही पाइप एकाच तुकड्यातून कापावेत, ही सूचना या ७ टक्क्यांमुळे.

सर्वात मोठा फरक वॉशरमध्ये आहे. '१ इंच' वॉशर म्हणजे १ इंची बोल्टचा वॉशर, आणि अमेरिकेत त्याच्या दोन मालिका चालतात. यूएसएस मालिकेत बाहेरचा व्यास २.५ इंच, एसएई मालिकेत २ इंच. दोन्हींचे भोक १ १/१६ इंच. एसएई वॉशर घेतला तर पाइपातली न शिवता जाण्याची जागा १.७७ वरून ३.१४ चौरस इंच होते. १४ टक्क्यांचे २५ टक्के होतात. वजन मात्र ८५ ग्रॅमवरून ३९ ग्रॅमवर येते, ५४ टक्क्यांनी कमी. नाव एक, भोक एक, पण खेळ ७८ टक्क्यांनी सोपा आणि वॉशर निम्म्याहून हलका.

नुसत्या व्यासाचा परिणामही मोजण्यासारखा आहे. ४ इंची पाइपासाठी वॉशर ⅛ इंच लहान घेतला तर न शिवता जाण्याची जागा १७ टक्क्यांनी वाढते, ⅛ इंच मोठा घेतला तर १६ टक्क्यांनी घटते. पेटीची बाहेरची बाजू अर्ध्या इंचाने, म्हणजे चौपट फरकाने कमी केली तरी पेटीतली जागा ८ टक्केच घटते. सुतारकामातल्या चुकांपेक्षा खरेदीतल्या चुका महाग पडतात, त्या अशा.

तीन इंच कमी पडणारी फळी

१६ इंची पेटीला १६ इंचांचे दोन आणि १४.५ इंचांचे दोन तुकडे लागतात. दोन पेट्यांना ८ तुकडे, एकूण १२२ इंच. करवतीचे पाते प्रत्येक कापात सुमारे ⅛ इंच लाकूड खाते, ८ कापांत १ इंच. गरज १२३ इंच. १० फुटी फळी १२० इंचांची असते, ३ इंच कमी. १२ फुटी फळी घेतली तर २१ इंच उरतात, १५ टक्के.

पेटी १५.५ इंचांची केली तर लांब तुकडे १५.५ आणि आखूड तुकडे १४ इंचांचे होतात. एकूण ११८ इंच, कापांचा १ इंच धरून ११९. १० फुटी फळीत संच बसतो आणि १ इंच उरतो. बदल्यात वॉशरच्या मध्याला पेटीत मिळणारी जागा १४४ वरून १३२.२५ चौरस इंच होते. पाइपाचे १.७७ तसेच राहतात. घरगुती खेळाला हा सौदा परवडतो. स्पर्धेच्या मापाशी जुळवायचे असेल तर आयोजकांचे माप आधी विचारावे.

प्लायवूडचा हिशेब याहून विचित्र आहे. ४ बाय ८ फुटांच्या तक्त्यावर १६ इंचांचे चौकोन आखले तर कागदावर रुंदीत ३ आणि लांबीत ६, असे १८ बसतात, ९ संचांपुरते. करवत चालली की प्रत्येक कापाला ⅛ इंच जातो. ४८ इंचांत १६ चे ३ बसत नाहीत, २ बसतात. ९६ मध्ये ६ बसत नाहीत, ५ बसतात. १८ चे १० झाले, ९ संचांचे ५. पात्याच्या ⅛ इंचाने ४४ टक्के उत्पादन कमी केले.

यावर उपाय रचनेत आहे. तळ पेटीच्या खाली ठोकण्याऐवजी चार भिंतींच्या आत बसवावा. मग १५.५ इंची पेटीला तळ १४ इंचांचा लागतो आणि तक्त्यातून पूर्ण १८ निघतात. एकच संच करायचा असेल तर २ बाय ४ फुटांचा तुकडा पुरतो. त्यातून १४ इंचांचे ३ तळ निघतात आणि एक शिल्लक राहतो. आत बसवलेल्या तळामुळे पेटीची आतली खोली ३.५ वजा ०.४७, म्हणजे ३.०३ इंच उरते. पाइपही ३ इंच कापावा, म्हणजे त्याचे तोंड आणि पेटीची कड एका पातळीत येतात.

पाइपाचे दोन तुकडे म्हणजे ६ इंच. २ फुटांचा तुकडा विकत घेतला तर त्यातला एक चतुर्थांश वापरला जातो. वापराचे कोष्टक असे: वॉशर १०० टक्के, फळी ९९ टक्के, प्लायवूड ३४ टक्के, पाइप २५ टक्के. खर्चातली बचत शोधायची असेल तर ती शेवटच्या दोन ओळींत आहे, आणि त्यावरचा मार्ग एकच: दोन-तीन घरांनी मिळून संच करणे.

लाकडाचा भाव चौपट झाला तेव्हा

अमेरिकेत लाकडाच्या वायदेबाजाराने मे २०२१ मध्ये १,००० बोर्ड फुटांना (बोर्ड फूट म्हणजे एक फूट लांब, एक फूट रुंद, एक इंच जाड लाकूड) १,६०० डॉलरची पातळी ओलांडली. वर्षभरापूर्वी, मे २०२० मध्ये, तोच भाव ४०० डॉलरच्या आत होता. वाढ किमान चौपट. ऑगस्ट २०२१ पर्यंत भाव पुन्हा ५०० डॉलरच्या आसपास उतरला.

संचाच्या १० फुटी '१ बाय ४' फळीत नावाच्या मापाने ३.३३ बोर्ड फूट लाकूड धरतात. ४०० डॉलरच्या भावाने त्याची किंमत १.३३ डॉलर, १,६०० च्या भावाने ५.३३ डॉलर. वायद्याचा भाव घरबांधणीच्या लाकडाचा असतो आणि दुकानातला भाव त्याहून चढा, त्यामुळे हा हिशेब दिशादर्शक मानावा. तरीही त्याचा अर्थ स्पष्ट आहे. घर बांधणाऱ्यांची अंदाजपत्रके विस्कटून टाकणाऱ्या भाववाढीचा वॉशर टॉसच्या एका संचावरचा बोजा ४ डॉलर होता. चुकीच्या मापाचे ८ वॉशर परत नेऊन देण्याची फेरी बहुतेक ठिकाणी तेवढ्याच खर्चात पडते.

पाच किलो, त्यात वॉशर १३ टक्के

पाइन लाकूड, प्लायवूड आणि शेड्यूल ४० पाइप धरून १५.५ इंची संच सुमारे ५ किलो भरतो. फळ्या ४५ टक्के, प्लायवूड ३३, पाइप ९ आणि ८ वॉशर १३ टक्के. दोन पेट्या तोंडाला तोंड लावून बंद केल्या तर गठ्ठा १५.५ बाय १५.५ बाय ७ इंचांचा होतो आणि वॉशर आतच राहतात.

वॉशरचे वजन त्याच्या जाडीवर ठरते, आणि जाडीत बरीच सूट असते. यूएसएस मालिकेच्या १ इंची वॉशरची सांकेतिक जाडी ०.१६५ इंच, मान्य मर्यादा ०.१३६ ते ०.१९२. वजनात हे ७० ते ९९ ग्रॅम होते. दोन्ही टोकांचे वॉशर मानकाप्रमाणे योग्यच आहेत, पण हाताला त्यांच्यात ४१ टक्क्यांचा फरक लागतो. ८ हवे असतील तर १२ घ्यावेत, स्वयंपाकघरातल्या काट्यावर तोलावेत आणि जवळच्या वजनाचे ८ निवडावेत. वजनाच्या क्रमाने लावून आळीपाळीने दोन रंगांत वाटले की दोन्ही बाजूंची बेरीज जवळपास सारखी येते. ठोकून काढलेल्या वॉशरची एक कड धारदार असते. ती कानशीने मारून घ्यावी.

हॉर्सशू पिचिंग या जुन्या खेळात लोखंडी नाल २ पौंड १० औंसांपर्यंत, म्हणजे १.१९ किलोपर्यंत चालते आणि खुंट्यांमधले अंतर ४० फूट असते. नाल वॉशरच्या १४ पट जड. ४५ अंशांच्या फेकीत वॉशरची ऊर्जा सुमारे २.५ जूल येते, नालेची सुमारे ७१ जूल, २८ पट. अंतर निम्मे, ऊर्जा अठ्ठाविसावा भाग. लहान अंगणात वॉशर टॉस बसतो, त्यामागे हे दोन आकडे आहेत. तरीही ८५ ग्रॅमचे पोलाद सेकंदाला पावणेआठ मीटर वेगाने येत असते. पेटीमागे कुणी उभे राहू नये.

फेकीचा कोनही मोजून पाहावा. ४५ अंशांनी येणाऱ्या वॉशरला त्याच्या वाटेवरून पाइपाचे तोंड २.८३ इंच उघडे दिसते, ६० अंशांनी येणाऱ्याला ३.४६ इंच, २२ टक्के जास्त. त्यासाठी वेग साडेसात टक्केच वाढवावा लागतो. ३० अंशांच्या सपाट फेकीला तोंड २ इंचच दिसते, वॉशरच्या व्यासापेक्षा अर्धा इंच कमी.

तीन गुण कमी आहेत का?

पाइपात सरळ जाण्याची जागा १.७७ चौरस इंच, पेटीची १४४. प्रमाण १ ला ८१. गुणांचे प्रमाण १ ला ३. पेटीवर सारख्या प्रमाणात विखुरलेले १०० वॉशर कल्पिले तर १.२ सरळ पाइपात जातील आणि ३.७ गुण मिळवतील. उरलेले ९८.८ पेटीत पडून ९८.८ गुण मिळवतील. एकूण गुणांत पाइपाचा वाटा ३.६ टक्के. कडेला लागलेल्यांपैकी निम्मे आत कलले असे धरले तर पाइपात १४ जातात आणि त्यांचा वाटा ३३ टक्क्यांवर जातो. म्हणजे पाइपाचे महत्त्व नेमापेक्षा कडेवर अवलंबून आहे, आणि कड बांधणाऱ्याच्या हातात आहे. कापलेल्या पाइपाची आतली कड पॉलिश कागदाने गोलसर केली तर काठावरचा वॉशर आत सरकायला मदत होते. दोन्ही पाइप सारखेच घासावेत.

गुण छेदण्याच्या नियमाने ३ ची किंमत आणखी वाढते. पेटीतला १ गुण समोरच्याच्या १ गुणाने पुसला जातो, आणि पेटीत टाकणे दोघांनाही जमते. पाइपातला वॉशर पुसायचा तर समोरच्यालाही पाइपात टाकावा लागतो, नाहीतर पेटीतले ३ वॉशर खर्चावे लागतात. कागदावर कमी दिसणारे ३ गुण प्रत्यक्ष डावात बरेचसे शिल्लक राहतात.

२१ या आकड्याचीही एक गंमत आहे. समोरच्याला एकही गुण मिळाला नाही असे धरू. चारही वॉशर पेटीत पाडणाऱ्याला फेरीला ४ गुण मिळतात, ५ फेऱ्यांत २०. डाव १ गुणाने अडतो आणि सहावी फेरी लागते. पाइपाला ५ गुण असतील आणि चारही वॉशर पाइपात गेले तर एकाच फेरीत २० होतात. तिथेही १ कमी. ३ गुणांच्या नियमात चार पाइप म्हणजे १२, दोन फेऱ्यांत २४. कोणत्याही नियमाने एका फेरीत डाव संपत नाही. समोरच्याला निदान एक फेरी मिळतेच.

मिलिमीटरमध्ये तोच खेळ

महाराष्ट्रात हा संच करायचा तर २.५ इंची यूएसएस वॉशर मिळणे अवघड. हार्डवेअरच्या दुकानात वॉशर बोल्टच्या मेट्रिक मापाने मागतात. नेहमीच्या मेट्रिक मालिकेत एम-३३ चा बाहेरचा व्यास ६० मिलिमीटर, एम-३६ चा ६६. जाडी दोन्हींची ५. अमेरिकी वॉशर ६३.५ मिलिमीटरचा, म्हणजे जवळपास या दोघांच्या मध्यावर. वजनात एम-३३ सुमारे ७५ ग्रॅम, अमेरिकी वॉशरपेक्षा १२ टक्के हलका. एम-३६ सुमारे ९२ ग्रॅम, ८ टक्के जड.

निवड पाइपावर ठरते. आपल्याकडे प्लंबर ज्याला 'चार इंची' म्हणतो तो पाइप बाहेरून ११० मिलिमीटरचा असतो. सांडपाण्याच्या एसडब्ल्यूआर पाइपात बी प्रकाराची भिंत किमान ३.२ मिलिमीटरची असते, म्हणजे आतला व्यास १०३.६. अमेरिकी पाइपापेक्षा तो २ मिलिमीटरने मोठा. अमेरिकी मापात न शिवता जाण्याची जागा १,१४० चौरस मिलिमीटर. बी प्रकारच्या पाइपात एम-३३ टाकला तर ती १,४९३ होते, ३१ टक्के जास्त. एम-३६ टाकला तर १,११०, ३ टक्के कमी. ए प्रकाराच्या २.२ मिलिमीटर भिंतीच्या पाइपात एम-३६ साठी १,२३२, म्हणजे ८ टक्के जास्त. बी पाइप आणि एम-३६ ही जोडी मूळ खेळाच्या सर्वात जवळ आहे. मुलांसाठी एम-३३ घ्यावा. तो हलका आहे आणि एक तृतीयांशाच्या जवळपास सोपा.

प्लायवूड आपल्याकडे १२ मिलिमीटरचे मिळते, अमेरिकी 'अर्ध्या इंचा'च्या १५/३२ शी ते जवळपास जुळते. फळीची रुंदी सुताराकडून ९० मिलिमीटर करून घ्यावी आणि पाइप ७७ मिलिमीटर कापावा. आपल्याकडे अंगणात पाऊसही असतो. तळाच्या चारही कोपऱ्यांत १२ मिलिमीटरची भोके ठेवली तर पाणी साचत नाही.

एका तक्त्यात छत्तीस खेळाडू

उत्तर अमेरिकेतल्या मराठी मंडळांच्या उन्हाळी सहलींना हा खेळ हिशेबाने सोयीचा आहे. प्लायवूडचा एक तक्ता ९ संच देतो. एका संचावर दोन जोड्या खेळल्या तर ४ माणसे, ९ संचांवर ३६. साहित्य असे: १० फुटी फळ्या ९, पाइप करवतीसह ५६ इंच, म्हणजे पावणेपाच फुटांच्या आत, आणि वॉशर ७२, वजन ६.१५ किलो. एकट्याने केलेल्या संचात प्लायवूडचा वापर ३४ टक्के होता, ९ संचांत तो ७७ टक्के होतो. पाइपाचा वापर २५ वरून, ५ फुटांचा तुकडा घेतला तर, ९० टक्क्यांवर जातो.

जागाही मोजावी. पेट्यांमध्ये २० फूट, दोन पेट्या मिळून सुमारे अडीच फूट आणि दोन्हीकडे मागे ४ फूट मोकळे, म्हणजे लांबी ३०.५ फूट. रुंदी ६ फूट धरली तर एका संचाला १८३ चौरस फूट लागतात, ९ संचांना १,६४७. हॉर्सशूच्या एका मैदानात नुसत्या खुंट्यांमधले अंतरच ४० फूट असते.

संच बांधायला निघताना यादीत व्हर्नियर कॅलिपर सर्वात वर लिहावा. दुकानात पाइप आतून मोजावा, वॉशर बाहेरून मोजावा आणि वजाबाकी करावी. उत्तर दीड इंच, म्हणजे ३८ मिलिमीटर आले तर दोन्ही घ्यावेत. ३५ च्या खाली आले तर वॉशर बदलावा, ४२ च्या वर गेले आणि संच मुलांसाठी नसेल तर पाइप बदलावा. रंग कोणताही चालेल.